वर्गातला ऑनलाइन क्विझ गेम: कसा शोधावा, कसा जॉइन करावा

वर्गात घेतल्या जाणाऱ्या ऑनलाइन क्विझमध्ये भाग घ्यायला तीनच गोष्टी लागतात. इंटरनेट चालू असलेला फोन, टॅबलेट किंवा कॉम्प्युटर, क्विझ घेणाऱ्याने दिलेला कोड आणि स्क्रीनवर झळकेल असे एखादे नाव. बहुतेक ठिकाणी खाते उघडावे लागत नाही, ॲपही उतरवून घ्यावे लागत नाही. तरीही दर वेळी दोन-चार जण बाहेर राहतातच. बहुतेकदा कारण साधे असते: कोड एका साइटचा आणि तो टाकलेला असतो भलत्याच साइटवर. त्यामुळे कोड हातात आला की घाईघाईने टाइप करू नका, तो कुठला आहे ते आधी बघा.

कोड कुठला ते ओळखा

शिक्षकांनी ग्रुपवर नुसता आकडा पाठवला असेल आणि सोबत काहीच लिहिले नसेल, तर सरळ विचारा, "सर, हा कहूटचा की ब्लूकेटचा?" आकड्याकडे बघून साइट ओळखायचा प्रयत्न करू नका. सगळ्यांचे कोड साधारण सारखेच दिसतात.

नेहमी भेटणारी नावे आणि त्यांची दारे अशी:

कहूट: पत्ता "कहूट डॉट आयटी" (kahoot.it). शेवटी "कॉम" नाही, "आयटी" आहे. कॉमवर गेलात तर कंपनीची मुख्य साइट उघडते. ती क्विझ बनवणाऱ्यांसाठी आहे. तिथे "साइन अप"ची बटणे बघून नवखे लोक खाते उघडत बसतात आणि तोवर दोन प्रश्न होऊन जातात.

वेग्राउंड: हे नाव नवे वाटेल, पण ही जुनी क्विझिझच आहे. २०१५ मध्ये सुरू झालेल्या क्विझिझने २०२५ मध्ये नाव बदलले. जुन्या सवयीने शिक्षक अजूनही "क्विझिझ" म्हणतात, त्यामुळे दोन्ही नावे लक्षात ठेवा. सामील होण्याचा पत्ता "जॉइनमायक्विझ डॉट कॉम" (joinmyquiz.com), सगळे शब्द जोडून.

ब्लूकेट: "प्ले डॉट ब्लूकेट डॉट कॉम" (play.blooket.com). इथे कोडला "गेम आयडी" म्हणतात.

गिमकिट: "गिमकिट डॉट कॉम" आणि पुढे तिरकी रेघ देऊन "जॉइन" (gimkit.com/join). एका शाळकरी मुलाने शाळेच्या प्रकल्पातून ही सुरू केली.

क्विझलेट लाइव्ह: "क्विझलेट डॉट लाइव्ह" (quizlet.live).

मेंटीमीटर: "मेंटी डॉट कॉम" (menti.com). हे शाळेपेक्षा कॉलेजच्या लेक्चरमध्ये आणि कार्यशाळांमध्ये जास्त दिसते.

पत्ता सर्च इंजिनात टाकू नका, ब्राउझरच्या वरच्या पट्टीत टाका. सर्च केल्यावर वरच जाहिराती येतात, आणि त्यातल्या काही तुम्हाला भलतेच ॲप उतरवायला लावतात. समोरच्या पडद्यावर क्यूआर कोड असेल तर मग पत्त्याचाही प्रश्न नाही. फोनचा कॅमेरा धरा, लिंक उघडा. कोड बहुधा आपोआप भरलेला येतो.

आत शिरण्याची पद्धत

पान उघडले की मध्यभागी एक चौकट दिसते. तिच्यात कोड टाका आणि "एंटर" किंवा "जॉइन" दाबा. फोनचा कीबोर्ड मराठीवर असेल तर आकडेही देवनागरीत उमटतात आणि चौकट ते घेत नाही, किंवा कोड चुकीचा असल्याचे सांगते. असे झाले तर कीबोर्ड इंग्रजीवर न्या आणि पुन्हा टाका. ही अडचण मराठीतून टाइप करणाऱ्यांचीच, त्यामुळे इंग्रजी मदतपानांवर तिचा उल्लेख सहसा सापडत नाही.

पुढे नाव विचारले जाते. इथे थोडा विचार करा, कारण हे नाव सगळ्या वर्गासमोर, आणि जिंकलात तर विजेत्यांच्या पायरीवर मोठ्या अक्षरात दिसते. शिक्षक गुण नोंदवणार असतील तर त्यांनी सांगितले तसेच लिहा, उदाहरणार्थ हजेरी क्रमांक आणि पहिले नाव. नुसती गंमत असेल तर टोपणनाव चालेल. पूर्ण नाव, आडनाव, फोन नंबर यांतले काहीही टाकायची गरज नाही. अचकट-विचकट नाव टाकून चार सेकंद हशा मिळतो खरा, पण क्विझ घेणाऱ्याला नावावर क्लिक करून तुम्हाला बाहेर काढता येते. कहूटमध्ये शिक्षकांनी ठरवले तर साइटच विशेषण आणि प्राण्याचे नाव जोडून टोपणनाव देते. ते आवडले नाही तरी घ्या.

काही शिक्षक कहूटमध्ये आणखी एक कुलूप लावतात. कोडनंतर चार रंगीत आकृत्या ठरावीक क्रमाने दाबायच्या असतात, आणि हा क्रम फक्त वर्गातल्या पडद्यावर दिसतो, थोड्या थोड्या वेळाने बदलतही राहतो. बाहेरच्या कुणी कोड मिळवून आत घुसू नये म्हणून ही सोय. त्यामुळे आकृत्यांचे पान आले की गोंधळू नका. पडद्याकडे बघा आणि तोच क्रम झटपट दाबा.

तुमचे नाव पडद्यावर दिसले की तुम्ही आत. क्विझ सुरू होईपर्यंत पान बंद करू नका आणि रिफ्रेशही करू नका.

खेळ सुरू झाल्यावर

पहिल्यांदा कहूट खेळणाऱ्याला हमखास प्रश्न पडतो: माझ्या फोनवर प्रश्न कुठे आहे? अनेकदा तो तिथे नसतोच. प्रश्न आणि पर्याय समोरच्या मोठ्या पडद्यावर असतात, हातातल्या फोनवर फक्त चार रंगीत बटणे: लाल त्रिकोण, निळा चौकोन टोकावर उभा, पिवळे वर्तुळ, हिरवा चौकोन. पडद्यावर वाचायचे आणि तोच रंग फोनवर दाबायचा. रंग ओळखायला अडचण असणाऱ्यांना आकृतीवरून कळते. शिक्षकांना हवे असेल तर प्रश्न फोनवरही दाखवता येतो. घरून व्हिडिओ कॉलवर जोडलेल्यांसाठी ती सोय चालू करून घ्या. नाहीतर एकाच फोनवर कॉल आणि क्विझ दोन्ही चालवताना पडद्यांची अदलाबदल करण्यातच वेळ संपतो.

कहूटच्या नेहमीच्या पद्धतीत एका बरोबर उत्तराला जास्तीत जास्त १००० गुण मिळतात. जितके लवकर दाबाल तितके जास्त. अगदी शेवटच्या क्षणी दिलेल्या बरोबर उत्तराला साधारण निम्मे. चुकीच्या उत्तराला शून्य. म्हणजे वेग महत्त्वाचा असला तरी अंदाजाने झटकन दाबण्यापेक्षा दोन सेकंद उशिराने बरोबर दाबणे केव्हाही फायद्याचे. एकदा दाबले की सहसा बदलता येत नाही.

वेग्राउंडची तऱ्हा वेगळी. तिथे प्रश्न तुमच्याच स्क्रीनवर येतो आणि शिक्षकांनी ठरवले असेल तर प्रत्येक जण आपापल्या गतीने पुढे जातो. शेजारच्याचा प्रश्न आणि तुमचा प्रश्न एकाच वेळी सारखा नसेल. सावकाश वाचणाऱ्या मुलांना हे मानवते.

ब्लूकेट आणि गिमकिटमध्ये प्रश्न हे निमित्त, खरा खेळ निराळाच. ब्लूकेटच्या "गोल्ड क्वेस्ट"मध्ये बरोबर उत्तर दिले की तीन पेट्यांपैकी एक उघडायला मिळते. तिच्यात सोने असेल, काहीच नसेल, किंवा दुसऱ्या खेळाडूचे सोने पळवण्याची संधी असेल. त्यामुळे सगळ्यात जास्त उत्तरे बरोबर देणारा पाचव्या नंबरवर आणि निम्मी चुकणारा पहिला, असेही होते. मुलांना हे फार आवडते. मला विचाराल तर उजळणीसाठी ठीक, पण कुणाला किती येते हे या क्रमवारीवरून ठरवू नये. गिमकिटमध्ये बरोबर उत्तराला खेळातले पैसे मिळतात, चुकले की जातात, आणि त्या पैशांतून पुढच्या उत्तरांचा भाव वाढवता येतो.

यात सगळ्यात हुशारीने बेतलेला खेळ मला क्विझलेट लाइव्हचा गटातला प्रकार वाटतो. साइटच गट पाडते. गटातल्या प्रत्येकाच्या स्क्रीनवर वेगवेगळे पर्याय असतात आणि बरोबर उत्तर एकाच्याच स्क्रीनवर असते. म्हणजे एकटा हुशार मुलगा सगळे ओढून नेऊ शकत नाही. "तुझ्याकडे आहे का बघ" असे बोलावेच लागते. एक उत्तर चुकले की गटाची प्रगती पुन्हा शून्यावर, त्यामुळे घाई करणाऱ्याला बाकीचेच आवरतात. खेळायला किमान चार जण हवेत.

अडलात तर

कोड ओळखला जात नाही: साइट बरोबर आहे का बघा, मग एकेक आकडा मोठ्याने वाचून पुन्हा टाका. तरीही नाही, तर तो कोड बहुधा संपलेला आहे. थेट घेतल्या जाणाऱ्या क्विझचा कोड त्या वेळेपुरताच असतो. तीच क्विझ पुन्हा घेतली तरी कोड नवा येतो. कालचा स्क्रीनशॉट आज कामाचा नाही.

खेळ बंद असल्याचे दिसते: शिक्षकांनी प्रवेश थांबवला असेल किंवा खेळाडूंची मर्यादा भरली असेल. मोफत योजनेत किती जणांना घेता येते याला मर्यादा असते. मोठ्या वर्गात शेवटी येणारे तिथेच अडकतात. अशा वेळी दोघांनी एका फोनवर खेळणे हा सोपा मार्ग.

मध्येच संपर्क तुटला: त्याच फोनवर, त्याच ब्राउझरमध्ये तेच पान पुन्हा उघडा आणि नाव तेच ठेवा. बऱ्याचदा साइट तुम्हाला ओळखते. खासगी मोडमध्ये खेळत असाल आणि ती खिडकी बंद केली असेल, तर मात्र नव्याने, शून्यापासून सुरुवात.

पर्याय विचित्र वाचायला मिळतात: ब्राउझरने पान आपोआप भाषांतरित केलेले असते. इंग्रजी व्याकरणाच्या क्विझमध्ये तर यामुळे चारही पर्याय सारखेच दिसू शकतात. भाषांतर बंद करा.

कोड नाही, पण खेळायचे आहे

इंटरनेटवर "आत्ता चालू असलेले गेम कोड" देणारी पाने, व्हिडिओ आणि ग्रुप ढिगाने सापडतात. त्यांच्या नादी लागू नका. ते कोड कुणाच्या तरी वर्गाचे असतात. अनोळखी माणसे आणि बनावट नावे भराभर आत शिरली की त्या शिक्षकाला खेळ बंद करावा लागतो आणि तास वाया जातो. शिवाय "कोड जनरेटर" म्हणवणाऱ्या साइटना तुमच्या ब्राउझरमध्ये काय काय घालायचे असते, ते न बोललेलेच बरे. सामील होण्यासाठी कुठलेही पान पासवर्ड, कार्डचा नंबर किंवा ओटीपी मागत असेल तर तिथून उलट्या पावली परत फिरा.

त्याऐवजी सार्वजनिक क्विझ शोधा. कहूट, वेग्राउंड आणि ब्लूकेट या तिघांकडेही लोकांनी बनवून ठेवलेल्या क्विझचा मोठा साठा आहे, आणि "डिस्कव्हर" किंवा "लायब्ररी" अशा नावाखाली तो चाळता येतो. नुसते "गणित" टाकून हाती काही लागणार नाही. "अपूर्णांकांची बेरीज" असा नेमका घटक टाका, सोबत इयत्ता. मराठी क्विझ हवी असेल तर एकदा देवनागरीत आणि एकदा रोमन लिपीत शोधा, कारण बनवणाऱ्याने शीर्षक कोणत्या लिपीत दिले असेल सांगता येत नाही.

सापडलेली क्विझ तशीच वर्गात लावू नका. या क्विझ कुणीही बनवलेल्या असतात आणि बरोबर म्हणून नोंदवलेले उत्तर चुकीचे असणे अजिबात दुर्मीळ नाही. सगळे प्रश्न एकदा डोळ्यांखालून घाला, उत्तरे तपासा, मग आपल्या खात्यात प्रत काढून हवे ते बदला. प्रश्नाला दिलेला वेळही बघा. वीस सेकंदांत मोठा उतारा वाचून होत नाही.

तुम्हीच क्विझ घेणार असाल तर

क्विझ घेणाऱ्याला मात्र खाते लागते. क्विझ निवडा, "होस्ट" दाबा, प्रकार ठरवा आणि पडद्यावर आलेला कोड सगळ्यांना दाखवा. कोड पाठवताना साइटचा पत्ताही सोबत लिहा, निम्म्या शंका तिथेच मिटतात. अनोळखी पाहुणे नको असतील तर कोड सार्वजनिक ठिकाणी टाकू नका आणि सगळे आले की कुलपाचे चिन्ह दाबून प्रवेश बंद करा.

मुलांकडे फोन नसतील तर प्लिकर्स बघा. प्रत्येकाला एक छापील कार्ड मिळते. ते कोणत्या बाजूने वर धरले यावरून अ, ब, क, ड ठरते. शिक्षक आपल्या एकट्याच्या फोनचा कॅमेरा वर्गावरून फिरवतात आणि सगळी उत्तरे नोंदली जातात. कार्डावरची खूण प्रत्येकाची वेगळी असल्याने शेजाऱ्याचे कार्ड बघून नक्कलही करता येत नाही.

घरी सोडवायला दिलेली क्विझ

कहूट आणि वेग्राउंडवर क्विझ गृहपाठ म्हणूनही देता येते. सामील होण्याची पद्धत तीच, कोड किंवा लिंक. फरक इतकाच की शिक्षक समोर नसतात आणि प्रश्न तुमच्याच स्क्रीनवर येतात. अशा क्विझला शेवटची तारीख आणि वेळ असते. ती टळली की लिंक उघडते, पण उत्तरे देता येत नाहीत. सुरू करण्याआधी शिक्षकांना दोन गोष्टी विचारून घ्या: पुन्हा सोडवता येईल का, आणि येत असेल तर कोणत्या प्रयत्नाचे गुण धरणार. नाव वर्गात टाकता तेच टाका, नाहीतर शिक्षकांच्या अहवालात "सुपरवाघ" पहिला येतो आणि तो कोण, हे कुणालाच कळत नाही.