1976-77 च्या माँट्रियल कॅनेडियन्सचा गुणतक्ता कसा वाचावा

शाहू स्टेडियमच्या गॅलरीत बसून फुटबॉल कळला असेल, तर माँट्रियल कॅनेडियन्स या कॅनडातल्या आइस हॉकी संघाचा हा जुना तक्ता जड जाणार नाही. फक्त फुटबॉलची सवय बाजूला ठेवा, विजयाला 3 गुण धरू नका.

वहीत चार रकाने आखा: विजय, पराभव, बरोबरी, गुण. तेव्हा विजयाला 2 आणि बरोबरीला 1 गुण होता. 80 सामन्यांत 60 विजय, 8 पराभव, 12 बरोबरी. म्हणजे 120 अधिक 12, एकूण 132. मग घरचे आणि बाहेरचे सामने वेगळे मांडून ताळा करा: घरी 33-1-6, बाहेर 27-7-6. अख्ख्या हंगामात घरच्या बर्फावर एकच हार, याला म्हणायचं दबदबा!

हमखास चूक होते ती खेळाडूंच्या गुणांत. गोलाला 1 गुण, आणि एका गोलासाठी जास्तीत जास्त दोघांना पासचा प्रत्येकी 1. याच संघाच्या गी लाफ्लरचे 56 गोल आणि 80 पास, म्हणून 136. सगळ्या खेळाडूंचे गुण बेरजेला घेतले तर आकडा संघाच्या 387 गोलांपेक्षा कितीतरी मोठा येतो, ती चूक नव्हे.

आजच्या तक्त्याशी थेट तुलना टाळा. आता सामने 80 पेक्षा जास्त असतात, बरोबरी राहिलेली नाही आणि जादा वेळेत हरलं तरी 1 गुण मिळतो.

बाद फेरी वेगळ्या पानावर लिहा: सेंट लुईस संघाविरुद्ध 4-0, आयलँडर्सविरुद्ध 4-2, अंतिम फेरीत बोस्टनविरुद्ध 4-0. हे गोल नव्हेत, मालिकेत जिंकलेले सामने आहेत.