पठारावर जलरंगात निसर्गचित्र: कातळाला धक्का न लावता

कास पठारावर ऑगस्टअखेरपासून फुलांचा बहर सुरू होतो. तिथे जांभ्याच्या कातळावर मातीचा थर अगदी पातळ, कित्येक ठिकाणी बोटभरही नाही. सीतेची आसवे ही निळी-जांभळी फुलं याच ओल्या थरात उगवतात. या वनस्पतीच्या बारीक पिशव्या पाण्यातले सूक्ष्म जीव पकडतात आणि त्यावर ती पोसली जाते. ब्रश धुतलेलं पाणी तिथे ओतलं, तर ते थेट त्या पिशव्यांपाशी पोचतं. म्हणून तयारीची सुरुवात पाण्यापासून करा.

स्वच्छ पाण्याच्या एक-एक लिटरच्या दोन बाटल्या घ्या आणि घट्ट झाकणाची एक मोठी रिकामी बाटली गढूळ पाण्यासाठी ठेवा. टिश्यूऐवजी जुनं सुती फडकं बरं. ट्यूबवरचा रंगद्रव्याचा कोड वाचा: पीवाय ३५ म्हणजे कॅडमियम पिवळा, पीआर १०८ कॅडमियम लाल, पीबी २८ कोबाल्ट निळा. हे जड धातूंचे रंग घरीच ठेवा. हान्सा पिवळा, पर्मनंट रोझ आणि अल्ट्रामरीन एवढ्यात पठार रंगवता येतं.

जागा आधी पायांनी निवडा, मग डोळ्यांनी. मळलेल्या वाटेवर किंवा उघड्या कातळावरच बसा. ईझलचे, म्हणजे चित्र टेकवायच्या स्टँडचे, पाय ओल्या मातीत रुततात आणि तो थर भरून यायला फार काळ लागतो. मांडीवर बोर्ड ठेवून क्वार्टर साइजचा (पूर्ण तावाचा चौथा भाग), ३०० जीएसएमचा जाड कागद सहज रंगवता येतो.

पेन्सिलीने आधी सावल्यांच्या सीमा आखा, कारण तासाभरात सूर्य १५ अंश सरकतो आणि सावल्या जागा बदलतात. मग आकाश, लांबचे डोंगर, शेवटी फुलं.

खरी अडचण फुलांत येते. सोनकीच्या फुलांचा पिवळा आणि आसवांचा जांभळा परस्परविरोधी रंग आहेत. ओल्यात भिडले की तपकिरी चिखल होतो. आधी पिवळा पातळ वॉश, म्हणजे पाणीदार रंगाचा थर, द्या, पूर्ण वाळू द्या, मग अल्ट्रामरीन आणि रोझचा जांभळा लावा, मध्ये कागदाची केसभर कोरी रेघ सोडून. लांबची फुलं एकेक ठिपका देऊन काढू नका, त्यांचा एकच पट्टा दिसतो तसा पट्टाच रंगवा. पावसाळी हवेत कागद लवकर वाळत नाही. हाताची मागची बाजू टेकवून पाहा: गार लागला तर आत ओल आहे. तेवढ्यात घाई केली की पाण्याचे फुलकोबीसारखे डाग उठतात. ते पुसत बसू नका, वाळल्यावर सुधारा.

निघताना टेपचे तुकडेसुद्धा उचला. घरी आल्यावर गढूळ पाणी पसरट ट्रेमध्ये ओतून आटू द्या. जलरंगातल्या डिंकामुळे बारीक रंगद्रव्य तरंगत राहतं, म्हणून नुसतं निवळायची वाट पाहण्यात अर्थ नाही. तळाशी उरलेली रंगाची साय जुन्या वर्तमानपत्राने पुसून घ्या आणि घरगुती घातक कचऱ्यात द्या. कुंडीत किंवा झाडाच्या बुंध्याशी मुळीच नको.

चित्राच्या मागे तारीख, वेळ, नेमकी जागा आणि कोणती फुलं होती ते पेन्सिलीने लिहा. पुढच्या वर्षी त्याच तारखेला तिथूनच रंगवलं, तर पिवळा पट्टा आक्रसला की पसरला, ते दोन कागद शेजारी ठेवताच कळतं.