नानकटाईची बरणी, धोंडसाची बरणी: कोकणच्या दमट हवेत टिकणारी घरगुती भेट

काचेच्या बरणीत रंगीत थर देऊन भरलेलं बेकिंगचं कोरडं मिश्रण भेट म्हणून छान दिसतं. ते कोकणात बिघडतं ते हवेतल्या ओलाव्यामुळे. देशावर मोकळं राहणारं मिश्रण मालवणात किंवा श्रीवर्धनात बघताबघता आळतं: पिठीसाखरेचा खडा होतो, खोबऱ्याला वास येतो आणि बेकिंग पावडर बरणीत बसल्याबसल्याच आपलं काम उरकून टाकते. म्हणून इथे थरांच्या नक्षीआधी प्रत्येक जिन्नस कोरडा करणं आलं. मेहनत त्यातच जाते, भरायला दहा मिनिटं पुरतात.

खाली दोन बरण्या दिल्या आहेत, दोन्ही ७५० मिलिलिटरच्या. विकत आणलेल्या बरणीवरच्या आकड्यावर जाऊ नका. काठोकाठ पाणी भरून ते मापून बघा, कारण मिश्रण तोंडापर्यंत भरलं नाही तर प्रवासात थर एकमेकांत मिसळतात.

बरणी रुंद तोंडाची घ्या. लोणच्याची जुनी बरणी चालेल, पण तिचं झाकण नको. आतल्या रबरात मोहरी-हिंगाचा वास मुरलेला असतो आणि तो नानकटाईत हमखास उतरतो. खाऱ्या हवेत पत्र्याच्या झाकणाला कडेने गंज धरतो, तेव्हा झाकण नवंच आणा. धुतलेली बरणी उन्हात दोन तास पालथी ठेवावी. पावसाळा असेल तर झाकण काढून, थंड ओव्हनमध्ये ठेवून ११० अंशांवर पंधरा मिनिटं तापवावी आणि आतच निवू द्यावी. गरम काच ओल्या ओट्यावर ठेवली की तडकते.

नाचणी-काजू नानकटाई

एका बरणीला मैदा १५० ग्रॅम, नाचणीचं पीठ १०० ग्रॅम, पिठीसाखर ११० ग्रॅम, काजूचे तुकडे ६० ग्रॅम, डेसिकेटेड खोबरं ३० ग्रॅम, बेकिंग पावडर अर्धा छोटा चमचा, मीठ पाव छोटा चमचा. याच्या साधारण चोवीस नानकटाया होतात.

नाचणीचं पीठ जाड बुडाच्या कढईत मंद आचेवर सहा-आठ मिनिटं, खमंग वास येईपर्यंत भाजा. मैदाही चार-पाच मिनिटं कोरडाच भाजा, रंग बदलू न देता. त्याने ओलावा जातो, पोरकिड्यांची अंडी असली तर तीही मरतात, आणि भाजलेल्या मैद्याला चिवटपणा कमी धरतो, म्हणून नानकटाई जास्त खुसखुशीत होते. (केकच्या मिश्रणात मात्र मैदा भाजू नका, केक भुगा होतो.) पीठ परातीत पसरून पूर्ण गार करा आणि गार झाल्यावर लगेच वापरा. कोमट पीठ बरणीत भरलं तर झाकणाला आतून घाम येतो, आणि रात्रभर उघडं ठेवलं तर भाजणं वाया जातं.

बेकिंग पावडर नवी वाटली तरी तपासा: अर्धा चमचा गरम पाण्यात टाकल्यावर जोरात फसफसली पाहिजे. नुसते चार बुडबुडे आले तर पाकीट बाजूला ठेवा.

पिठीसाखर घरी दळलीत तर ११० ग्रॅमला एक छोटा चमचा कॉर्नफ्लोअर मिसळून चाळा, ते गाठी रोखतं. विकतच्या पिठीसाखरेत बहुधा ते आधीच असतं, पाकिटावर बघा.

काजू वेंगुर्ल्याकडचे मिळाले तर उत्तमच, पण इथे अख्ख्या मोठ्या गराचे पैसे मोजू नका. बाजारात ३२० नंबरचा काजू म्हणजे एका पौंडात ३०० ते ३२० गर. नंबर जितका लहान तितका गर मोठा आणि महाग. बरणीला तुकडा किंवा पाकळी पुरते, उलट काचेतून तीच जास्त उठून दिसते. तुकडे १५० अंशांवर आठ-दहा मिनिटं भाजून गार करा. न भाजलेला काजू दमट हवेत मऊ पडतो.

ओलं खोबरं कितीही परतलं तरी या बरणीत नको. सुक्या वाटीचा घरचा कीसही शक्यतो टाळा. त्यात तेल भरपूर असतं, ते शेजारच्या पिठीसाखरेत उतरून पिवळे डाग पडतात आणि सगळ्यात आधी तोच खवट होतो.

थर लावण्याचा नियम एकच: बारीक खाली, जाड वर. काजूवर पिठीसाखर घातलीत तर ती फटींतून गळत खाली जाते आणि दोन दिवसांत थर दिसेनासे होतात. मैद्यात बेकिंग पावडर आणि मीठ चाळून तो तळाला घाला, त्यावर नाचणी, मग पिठीसाखर, मग खोबरं, शेवटी काजू. जाड कागदाचं नरसाळं करा आणि त्याचं टोक थराच्या जवळ धरा. उंचावरून ओतलं की पिठाची धूळ काचेला चिकटते आणि वरचे थर मळकट दिसतात. प्रत्येक थर लाटण्याच्या टोकाने आधी कडेने आणि मग मधे दाबा. पीठ न दाबता भरलं तर शेवटचे काजू बाहेर राहतात. प्रत्येक थरानंतर आतली काच कोरड्या ब्रशने पुसा. नाचणीच्या तपकिरी थरावर पांढऱ्या साखरेची रेघ स्वच्छ उमटली की बरणी जमली. वर जागा उरली तर आणखी काजू घाला किंवा बटर पेपर चुरगळून झाकणाखाली बसवा.

वेलची-जायफळाची पूड आत घालू नका, महिन्याभरात तिचा वास उडतो. त्याऐवजी एक अख्खं जायफळ कापडाच्या बारक्या पुरचुंडीत घालून चिठ्ठीबरोबर बरणीच्या गळ्याला बांधा. घेणारा ताजं किसेल. कोकणातल्या बागायतदाराला जायफळ जड नाही, आणि बरणी कुठून आली हेही त्याने कळतं.

चिठ्ठीत ग्रॅम लिहून भागत नाही, घरोघरी काटा नसतो. असं लिहा: "साजूक तूप एक वाटी (१५० मिलिलिटर), पाव जायफळ किसून. तूप थिजलेलं हवं." ही शेवटची सूचना ठळक करा. आपल्याकडच्या गरमीत तूप बरेच महिने पातळच असतं आणि पातळ तुपाची नानकटाई ताटात पसरून भाकरी होते. तूप मापून वीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवायचं, मग बरणी परातीत ओतून, हाताने एकजीव करून त्यात ते चोळायचं. गोळा फुटत असेल तर एखादा चमचा दूध. लहान लिंबाएवढे गोळे, हलके चपटे, दोन बोटांचं अंतर ठेवून १६५ अंशांवर सोळा ते अठरा मिनिटं. नाचणीमुळे वरचा रंग कळत नाही. एक उलटून तळ बघा, तो किंचित गडद झाला की काढा. ओव्हनमधून काढताना मऊच लागतात, गार झाल्यावर कडक होतात. हे लिहिलं नाही तर लोक आणखी दहा मिनिटं भाजतात आणि मग दगड म्हणून नावं ठेवतात.

वीज जाणाऱ्या गावासाठी कढईची रीतही द्या: जाड कढईत दोन सेंटिमीटर जाड मीठ, त्यावर रिंग, झाकण ठेवून मध्यम आचेवर दहा मिनिटं तापवायची, मग ताटली आत ठेवून मंद आचेवर वीस ते पंचवीस मिनिटं.

धोंडसाची बरणी

धोंडस म्हणजे तवशाचा, म्हणजे मोठ्या काकडीचा, गोड केक. मैदा-साखरेपेक्षा ही जास्त आपली, आणि हिला बेकिंग पावडरच लागत नाही. जाडसर तांदळाचा रवा २२५ ग्रॅम, गुळाची पूड १८० ग्रॅम, काजू ४० ग्रॅम, डेसिकेटेड खोबरं २० ग्रॅम, अख्ख्या वेलच्या चार, चिमूट मीठ.

रवा कोरडा, गुलाबीसर होईपर्यंत भाजा. तुपावर भाजू नका, तुपाने रवा गोळा होतो आणि काच तेलकट दिसते. तूप घेणारा घालेल. खरी अडचण गुळाची. गूळ हवेतून पाणी ओढतो, आणि पूड असली तरी सुटी घातल्यास आठवड्यात रव्याला चिकटून वडी होते. तो झिपच्या जाड पिशवीत, हवा काढून वेगळाच ठेवा. तळाला रवा, मग खोबरं, काजू, वेलच्या, आणि वर गुळाची पिशवी.

चिठ्ठी: पाचशे ग्रॅम तवसं पाण्यासकट किसायचं, त्यात गूळ आणि दोन चमचे तूप घालून उकळायचं, मग रवा-खोबरं-काजू आणि कुटलेली वेलची. मिश्रण आळून कडा सोडेपर्यंत ढवळायचं, फार घट्ट वाटलं तर अर्धी वाटी नारळाचं दूध किंवा पाणी. तूप लावलेल्या डब्यात थापून १८० अंशांवर चाळीस-पंचेचाळीस मिनिटं, किंवा तव्यावर जाड टोप ठेवून मंद आचेवर तेवढाच वेळ. वर करवंट्यांचे निखारे ठेवता आले तर वरची खरपूस पापुद्री ओव्हनपेक्षा सरस येते. तवशाचं टोक आधी चाखायला सांगा, कडू निघालं तर सगळं धोंडस जातं. आणि पूर्ण गार झाल्याशिवाय वड्या कापायच्या नाहीत.

मोठी तवशी पावसाळ्याच्या शेवटी येतात, म्हणून ही बरणी गणपतीला आलेल्या चाकरमान्यांच्या परतीच्या पिशवीत अगदी वेळेवर पडते. बरणी जुन्या टॉवेलात गुंडाळून उभीच ठेवायला सांगा.

दोन्ही बरण्यांवर भरल्याची तारीख आणि "यात काजू आहेत" हे लिहाच, नानकटाईवर "गहू आहे" हेही. पावसाळ्यात भरलेली बरणी तीन आठवड्यांत, दिवाळीनंतरची सहा आठवड्यांत वापरावी. सिलिका जेलची पुडी आत टाकू नका, कुणीतरी ती पिठात ओतेल. विकायचा विचार असेल तर अन्नसुरक्षेची नोंदणी लागते, भेटीला लागत नाही.

बरणी उघडल्यावर साखरेच्या गाठी दिसल्या तर घाबरायचं कारण नाही, हाताने फोडून चाळली की झालं. नानकटाई फुगली नाही तर पुढच्या बरणीसोबत बेकिंग पावडर वेगळ्या पुडीत द्या. खोबऱ्याला किंवा काजूला खवट वास आला तर मात्र वाचवण्यासारखं काही उरत नाही, पूर्ण बरणी टाकून द्यावी.