बडोद्यात कोळंबीचा इटालियन पास्ता, वाइनशिवाय

लसूण, ऑलिव्ह तेल, सुकी मिरची, कोळंबी आणि स्पॅगेटी, एवढ्यावर हा पदार्थ उभा आहे. तयारी आधी झालेली असेल तर गॅसवरचं काम वीस मिनिटांचं. पण बहुतेक पाककृतींत मध्येच 'अर्धी वाटी पांढरी वाइन घाला' असं येतं आणि बडोद्याच्या स्वयंपाकघरात तिथेच गाडी अडते. गुजरात 1960 मध्ये वेगळं राज्य झालं तेव्हापासून इथे दारूबंदी आहे. वाइनऐवजी नुसतं पाणी घातलं तर पास्ता फिका लागतो, आणि व्हिनेगर ओतलं तर लोणच्याची आठवण येते. खरा उपाय आपण कचऱ्यात टाकतो त्यात आहे: कोळंबीची डोकी आणि सालं. त्यांचा दाट अर्क आणि शेवटी लिंबू, म्हणजे वाइनची उणीव भासत नाही.

चार जणांसाठी 320 ग्रॅम स्पॅगेटी लागते, म्हणजे अर्धा किलोच्या पाकिटाचा दोन तृतीयांशाहून थोडा कमी भाग. डोक्यासकट कोळंबी 800 ग्रॅम घ्यावी. सोलून साधारण 400 ते 450 ग्रॅम हाती येते. ऑलिव्ह तेल पाच मोठे चमचे, लोणी 20 ग्रॅम, लसणाच्या दहा-बारा मध्यम पाकळ्या, दोन सुक्या लाल मिरच्या, एक रसदार लिंबू, मूठभर पार्सली. मोठा चमचा म्हणजे 15 मिलीचा. सिंगतेल, म्हणजे शेंगदाण्याचं तेल, यात घालू नये. त्याचा स्वतःचा वास इतका ठसठशीत असतो की कोळंबी मागे पडते. ऑलिव्ह तेल महाग वाटत असेल तर सालं परतायला आणि कोळंबी भाजायला सूर्यफुलाचं तेल वापरावं आणि लसणासाठीचे दोन चमचे तरी ऑलिव्हचे ठेवावेत. चव तिथेच लागते.

पास्त्याच्या पाकिटावर 'ड्यूरम गव्हाचा रवा' लिहिलेलं आहे ना, ते पाहावं. मैद्याचा स्वस्त पास्ता बाहेरून गिच्च होतो आणि आत कच्चा राहतो. ड्यूरम आपल्याला परका नाही. बडोद्याच्या शेजारच्या भाल भागातला भालिया गहू, ज्याला 2011 साली भौगोलिक मानांकन मिळालं, तो याच जातीचा. घट्ट, कणीदार, प्रथिनं भरपूर. म्हणूनच उकळूनही त्याचा आकार टिकतो.

कोळंबी निवडताना

बडोद्याच्या बाजारात मिळणारी बरीच कोळंबी शेततळ्यातली असते: व्हॅनामेई जातीची, सुरत, नवसारी, वलसाडकडच्या तळ्यांमधली. चवीला सौम्य, थोडी गोडसर, या पास्त्याला उत्तम. मध्यम आकाराची घ्यावी. बारीक कोळंबी भाजताना पाणी सोडून आक्रसते. गोठवलेल्या पाकिटावर 31/40 असा आकडा दिसला तर तो एका पाउंडात, म्हणजे 454 ग्रॅममध्ये, किती नग बसतात ते सांगतो. आकडा जितका लहान, तितकी कोळंबी मोठी. या पास्त्याला 26/30 किंवा 31/40 बरोबर.

ताजी असेल तर वास समुद्राचा यायला हवा. नवसागरासारखा झणका आला तर परत द्यावी. डोकं धडापासून सैल झालेलं असेल तरीही नको. कोळंबीची पाचक द्रव्यं डोक्यात असतात आणि मेल्यानंतर ती तिचंच मांस मऊ करू लागतात. म्हणून घरी आणल्याबरोबर डोकी वेगळी करावीत, रात्रीपर्यंत तशीच ठेवू नयेत. गोड्या पाण्यातल्या मोठ्या कोळंबीत, जिला आपल्याकडच्या व्यापारात 'स्कॅम्पी' म्हणतात, हे फार लवकर होतं आणि तिचं डोकंही अवजड असतं, त्यामुळे 800 ग्रॅममधून मांस बरंच कमी निघतं. इटलीत 'स्कॅम्पी' म्हणजे तिसराच प्राणी, लॉबस्टरचा लहानसा भाऊबंद. तेव्हा परदेशी पाककृतीत हे नाव वाचून गोंधळून जाऊ नये.

गोठवलेली कोळंबी आदल्या रात्री फ्रिजमध्ये खालच्या कप्प्यात ठेवावी. घाई असेल तर पिशवी बंद करून थंड पाण्यात अर्धा तास. कोमट पाण्यात नाही. बाहेरचा थर मऊ पडतो आणि आत बर्फ तसाच राहतो.

सोलून, पाठीला चीर देऊन काळा दोरा काढावा. पाण्याखाली एकदाच धुऊन सुती पंचावर पसरावी आणि अगदी कोरडी करावी. पुढे मिठाचा अर्धा लहान चमचा आणि खाण्याच्या सोड्याचा पाव लहान चमचा चोळून पंधरा मिनिटं फ्रिजमध्ये. सोड्याने कोळंबी करकरीत राहते, पण पाव चमच्याच्या वर गेलात तर साबणाची चव येईल. इथे हात हळदीच्या डब्याकडे आणि लिंबाकडे आपोआप जातो. आवरावा. हळदीने सगळा सॉस पिवळा होतो आणि लसणाचा सुगंध दबतो. लिंबाचं आम्ल कच्च्या कोळंबीचं मांस आधीच आवळून ठेवतं, मग ती तव्यावर गेल्यावर रबरासारखी होते. कालवणाला ही पद्धत चालते, कारण तिथे मसाला आणि रस्सा ते सावरून घेतात. इथे सावरायला काही नाही.

अर्क

एका मोठ्या चमचा तेलात डोकी आणि सालं मध्यम आचेवर चार-पाच मिनिटं परतावीत. रंग लाल-नारिंगी झाला आणि भाजलेला वास सुटला की 400 मिली पाणी घालावं. डोकी पळीच्या पाठीने चेपत राहावं, सगळी चव तिथे आहे. पंधरा मिनिटं मंद उकळून गाळावं आणि पुन्हा आटवून 150 मिली करावं. पंधरा मिनिटांपेक्षा जास्त सालं उकळली तर अर्क कडवट, खडूसारखा लागतो. यात मीठ नको. मीठ पुढे पास्त्याच्या पाण्यातून येणारच आहे. सोललेली गोठवलेली कोळंबी आणली असेल तर सालं नसतात. तेव्हा चार-पाच कोळंब्या चिरून त्यांचाच अर्क करावा, थोडा फिका होतो पण चालतो.

गाळून उरलेली सालं वर्तमानपत्रात गुंडाळून कचऱ्याची गाडी येईपर्यंत फ्रीझरमध्ये ठेवावीत. शाकाहारी शेजार असलेल्या पोळात (जुन्या शहरातल्या दाट वस्तीच्या गल्लीत) किंवा सोसायटीत ही सवय फार उपयोगी पडते.

गॅसवर

आता एका मागोमाग सगळं. लसूण पातळ काप करून (ठेचून नको, ठेचलेला लगेच जळतो), मिरच्या तोडून, पार्सली चिरून, अर्क गॅसजवळ ठेवून मगच सुरुवात करावी.

मोठ्या पातेल्यात तीन लिटर पाणी उकळावं, त्यात दीड मोठा चमचा मीठ. पाण्यात तेल घालायची सवय सोडावी, त्याने स्पॅगेटी तेलकट होते आणि सॉस तिला धरत नाही. स्पॅगेटी मोडायची नाही. काठावर सोडली की आपोआप मऊ होऊन आत बसते. पहिलं मिनिटभर चिमट्याने ढवळावं, गोळे तिथेच होतात. पाकिटावरच्या वेळेपेक्षा दोन मिनिटं आधी काढायची आहे: दहा लिहिलेलं असेल तर आठ.

पास्ता पाण्यात गेला की दुसरीकडे पसरट जाड तवा, 28 सेंटीमीटरचा किंवा मोठा, चांगला तापवावा. बिडाचा किंवा लोखंडी नको, शेवटी लिंबू पडल्यावर धातूची चव उतरते. स्टील किंवा नॉनस्टिक बरा. दोन मोठे चमचे तेल टाकून कोळंबी दोन घाण्यांत भाजावी. सगळी एकदम ओतली तर तवा थंड होतो, पाणी सुटतं आणि कोळंबी भाजली न जाता शिजते. एका बाजूने सव्वा मिनिट, उलटून अर्धं मिनिट. वाकून इंग्रजी 'सी' अक्षराचा आकार आला, मांस पांढरं-गुलाबी, अपारदर्शक दिसलं की काढावी. शेपटी डोक्याकडच्या टोकाला टेकून गोल कडं झालं तर ती वातड झाली, परत आणायचा मार्ग नाही. ताटात काढलेली कोळंबी स्वतःच्या उष्णतेने थोडी आणखी शिजते, म्हणून मध्यभागी किंचित कमी राहिली तरी चालेल.

तवा गॅसवरून मिनिटभर बाजूला ठेवावा. मग आच मंद करून दोन चमचे तेल, लसूण आणि मिरची. गरमागरम तव्यावर लसूण टाकला तर तीस सेकंदांत काळा होतो आणि मग सगळाच पास्ता कडू, त्यावर कसलाच उतारा नाही. तेल पुसून पुन्हा सुरुवात करावी. कडा फिकट सोनेरी दिसल्या की लगेच 150 मिली अर्क ओतावा. चर्रर्र झाल्याने लसणाचं शिजणं तिथेच थांबतं. मिनिटभर उकळू द्यावं.

स्पॅगेटी चिमट्याने थेट तव्यात उचलून घ्यावी. पाणी टाकून देऊ नये! त्यात उतरलेला स्टार्चच तेल आणि अर्क एकत्र बांधतो. पळीभर, म्हणजे साधारण 100 मिली, हे पाणी घालून मोठ्या आचेवर दीड-दोन मिनिटं सतत हलवत, उलटत राहावं. पाणी आटत जातं आणि तव्याच्या तळाला पातळ दुधाळ सॉस दिसू लागतो. तेल वेगळं सुटलेलं दिसलं तर आणखी दोन चमचे पाणी घालून जोराने हलवावं, जुळून येतं.

गॅस बंद. आता कोळंबी आणि तिच्या ताटात साचलेला रस, लोणी, दीड मोठा चमचा लिंबाचा रस, पार्सली. कागदी लिंबाची साल किसायची असेल तर चिमूटभरच, आणि पांढऱ्या थराला किसणी लागू द्यायची नाही. पार्सली न मिळाल्यास कोथिंबिरीची थोडी कोवळी पानं. जास्त घातली तर वासाने पोहे आठवतील. मीठ या टप्प्यावर चाखूनच. बाजारचं खारं लोणी असेल तर बहुधा लागत नाही.

चीज घालायचं का? इटलीत मासळीच्या पास्त्यावर किसलेलं चीज घालत नाहीत. खारट, जड चीजखाली कोळंबीची गोडी हरवते. मुलं हट्ट करतील तर त्यांच्या ताटात.

घरात कोळंबी न खाणारं कोणी असेल तर लसणाचं तेल आधी वेगळ्या छोट्या तव्यात करून, अर्काऐवजी फक्त पास्त्याचं पाणी घालून तिथेच स्पॅगेटी हलवावी. लसूण-मिरचीची साधी स्पॅगेटी हा इटलीत स्वतंत्र पदार्थच आहे. चिमटा आणि पळी मात्र वेगळी ठेवावी.

वाढताना ताटं गरम पाण्याने धुऊन पुसून घ्यावीत, थंड ताटात सॉस पाच मिनिटांत घट्ट होतो. उरलं तर कोळंबी वेचून वेगळी ठेवावी, पास्ता दोन चमचे पाण्यासह मंद आचेवर गरम करावा आणि कोळंबी शेवटच्या अर्ध्या मिनिटाला घालावी. दुसऱ्या दिवसापलीकडे ठेवू नये.