डेव्हन बेटावर फील्डवर्कला जाणाऱ्यांसाठी

ध्रुवीय परिसंस्थेवर प्रबंध करायला कॅनडात येणाऱ्या विद्यार्थ्याच्या डोळ्यांसमोर बहुधा पांढरे अस्वल असते. डेव्हन बेटावर काम केल्यानंतर माझे मत असे झाले आहे की नवख्याने आधी पाणी कुठे साचते आणि कुठे झिरपून जाते हे पाहायला शिकावे. प्राणी त्याच मागाने सापडतात.

कॅनडाच्या उत्तरेकडील नुनावुत प्रदेशातील सुमारे ५५ हजार चौरस किलोमीटरचे हे बेट जगातील सर्वांत मोठे निर्मनुष्य बेट मानले जाते. त्याच्या पूर्व भागावर १,९०० मीटरपर्यंत चढत गेलेला बर्फाचा जाड थर आहे, तर पश्चिमेकडे थंडीने फुटलेल्या डोलोमाइटच्या (चुनखडीसारख्या खडकाच्या) कपच्यांचे उजाड पठार आहे. उल्कापाताने झालेले हॉटन विवर याच पठारावर असून मंगळमोहिमांची तालीम तेथे होते. येथे पाऊस-बर्फ मुळात कमी आणि वितळलेले पाणीही कपच्यांतून निघून जाते, त्यामुळे तासन्‌तास चालूनही गवत दिसत नाही. अपवाद म्हणजे मस्कऑक्स या लांब केसांच्या, गवत खाणाऱ्या ध्रुवीय प्राण्याची एखादी जुनी कवटी: हाडांतून हळूहळू मिळणाऱ्या पोषणावर तिच्याभोवती परातीएवढे हिरवे शेवाळ धरलेले असते.

ईशान्य किनाऱ्यावरील ट्रूलव्ह सखल प्रदेश केवळ ४३ चौरस किलोमीटरचा आहे, पण तेथे कायम गोठलेली जमीन पाणी खाली जाऊ देत नाही आणि, हिमयुगातील बर्फाचा भार उतरल्यावर वर आलेल्या जुन्या पुळणी ते अडवून धरतात. म्हणून तेथे लव्हाळ्याची कुरणे आहेत, आणि म्हणूनच मस्कऑक्स हिवाळ्यातही बर्फ उकरून तेथेच चरतात. १९७०च्या दशकात आंतरराष्ट्रीय जैविक कार्यक्रमाखाली येथे वनस्पतींपासून मस्कऑक्सपर्यंतच्या ऊर्जेचा हिशेब मांडला गेला. तो वाचल्याशिवाय प्रस्ताव लिहूच नये.

निर्मनुष्य म्हणजे बेवारस नव्हे. डंडस हार्बर येथे १९२४ मध्ये पोलीस ठाणे झाले, १९३४ मध्ये बॅफिन बेटावरून इनुइट, म्हणजे आर्क्टिकच्या मूळ रहिवाशांची, कुटुंबे तेथे नेली गेली आणि दोनच वर्षांत तेथून हलवली गेली. संशोधनाचा परवाना नुनावुत संशोधन संस्थेकडून घ्यावा लागतो आणि त्यात स्थानिक इनुइट वस्त्यांचे म्हणणे विचारले जाते, म्हणून अर्ज कित्येक महिने आधी करावा. रेझोल्यूट या जवळच्या वस्तीहून निघणारे छोटे ट्विन ऑटर विमान धुक्यामुळे अडकून पडते, तेव्हा जास्तीचा शिधा हवाच. अस्वलांमुळे स्वयंपाकाचा तंबू झोपायच्या तंबूंपासून दूर ठेवतात आणि खाण्याची एकही वस्तू अंथरुणाजवळ नेत नाहीत.

भारतातूनच सुरुवात करायची असल्यास गोव्यातील राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्राकडे चौकशी करावी. नॉर्वेच्या स्वालबार्ड या आर्क्टिक द्वीपसमूहातील हिमाद्री हे भारताचे केंद्र २००८ पासून आहे. तेथे मस्कऑक्स नाहीत, पण रेनडिअर आणि त्यांची कुरणे आहेत.