सोयाबीन: तण आवरायचे ते पहिल्या ४५ दिवसांतच

पेरणीला दोन-तीन आठवडे झालेले सोयाबीन बांधावरून हिरवेगार दिसते. त्यात पीक किती आणि तण किती, हे वाकून पाहिल्याशिवाय कळत नाही. पहिले सुमारे ४५ दिवस पिकाची पाने ओळींमधली जमीन झाकत नाहीत. त्या मोकळ्या पट्ट्यातले ऊन, ओल आणि अन्नद्रव्ये जो आधी उचलेल तो वर सरकतो. सावलीत सापडलेले सोयाबीन लांबट, कमी फांद्यांचे होते आणि नंतर शेत कितीही चकाचक केले तरी ती तूट भरून निघत नाही. मजूर मिळाले की निंदू, हे म्हणूनच परवडत नाही.

सगळी तणे एका पद्धतीने भांडत नाहीत. माठ आणि लव्हाळा कडक उन्हात सोयाबीनपेक्षा वेगाने वाढतात. लव्हाळ्याचे पाते कापले तरी जमिनीतल्या गाठीतून नवे येते. पण सावलीत तो दमतो, म्हणून ओळी लवकर मिटणे हाच त्यावर खरा उतारा. केना सर्वांत चिवट. त्याच्या तुटलेल्या कांड्याला ओल्या मातीत पुन्हा मुळे फुटतात आणि तो जमिनीखालीही बी धरतो. भुरभुर पावसात निंदून केना सरीतच टाकला, तर ती निंदणी नव्हे, लागवड झाली. तो शेताबाहेर काढा.

पहिली कोळपणी, म्हणजे ओळींमधले तण कोळप्याने काढणे, पेरणीनंतर १५ ते २० दिवसांनी, दुसरी ३० ते ३५ दिवसांनी, वाफसा असतानाच (जमीन ना चिखल, ना कोरडी) करा. ओळीतले तण कोळप्याला सापडत नाही, ते हातानेच काढावे लागते. फुले लागल्यावर कोळपे घालू नका. मुळे तुटतात, फुले गळतात.

पावसाने कोळपणी हुकणार असेल तर तण २ ते ४ पानांचे असतानाच तणनाशक फवारा. इमॅझेथापायर १० टक्के एकरी ४०० मिली, २०० लिटर पाण्यातून, पेरणीनंतर १५ ते २० दिवसांनी. फक्त गवतवर्गीय तण असेल तर क्विझालोफॉप इथाइल ५ टक्के एकरी ४०० मिली. चूक बहुधा पंपाच्या हिशेबात होते. १५ लिटरचा पंप असेल तर एकराला १३ पंप लागतात, म्हणजे पंपाला सुमारे ३० मिली. भरभर चालून आठ पंपांत एकर उरकला की जमिनीवर जेमतेम २४० मिली पडते. तण पिवळे पडते आणि पुन्हा उठते. फ्लॅट फॅन (पंख्यासारखा चपटा फवारा देणारे) नोझल वापरा, जमिनीत ओल हवी, कीटकनाशक त्यात मिसळू नका. तुरीचे आंतरपीक असेल तर लेबलवर दोन्ही पिकांची नावे आहेत का, ते पाहा. इमॅझेथापायरचा अंश जमिनीत काही महिने राहतो, तेव्हा रब्बीचे पीकही लेबल वाचूनच ठरवा.

पिकाची आपसातली ओढाताणही कमी नसते. ४५ बाय ५ सेंमी अंतराने एक मीटर ओळीत २० झाडे बसतात. टेप लावून मोजा. उगवणीची खात्री नाही म्हणून एकरी ३० किलोऐवजी ४० किलो बी पेरले असेल, तर दाट ओळी आत्ताच विरळ करा. दाटीतली झाडे उंच होऊन लोळतात आणि शेंगा वरच्या शेंड्यालाच लागतात.

पीक पिवळे दिसले की युरिया फेकायची घाई नको. सोयाबीनआधी माठच तो खाऊन टाकतो. महिनाभराचे झाड अलगद उपटून मुळावरची गाठ नखाने फोडा: आत गुलाबी-लाल असेल तर पीक हवेतला नत्र स्वतः घेत आहे. शेंड्याची पाने पिवळी पण शिरा हिरव्या असतील, तर कमतरता लोहाची आहे, नत्राची नाही.

पिकाच्या वर डोके काढलेले कुर्डू आणि तरोटा फुलोऱ्यात असतानाच उपटा. ऑगस्टअखेर त्यांचे बी धरू लागले, की मळणीत ते धान्यातही येते आणि शेतातही सांडते.