कुरकुरीत भेंडी: कढई चढवण्याआधीची तयारी

भेंडी कुरकुरीत होणार की लिबलिबीत, हे तेल तापायच्या आधीच ठरलेलं असतं. म्हणून रात्रीच्या जेवणाला करायची असेल तर सकाळीच तयारीला लागा. चार जणांना वरणभाताबरोबर तोंडी लावायला अर्धा किलो भेंडी घ्या. जास्त वाटेल, पण तळताना तिच्यातलं पाणी उडून जातं आणि परातभर दिसणारे काप एका वाडग्यात मावतात.

मंडईत बोटाएवढी, सडपातळ, हिरवीगार भेंडी बघा. शेंडा कट्टकन मोडला तर कोवळी, नुसता वाकला तर जून. दोन-तीन शेंडे मोडले की ढीग कसा आहे ते कळतं. सगळ्या मोडत बसू नका, विकणाऱ्याचा माल खराब होतो. जून भेंडी कितीही तळली तरी धागे दाताखाली येतात. परभणीच्या कृषी विद्यापीठाचा ‘परभणी क्रांती’ हा वाण शेतकऱ्यांत नावाजला तो पिवळ्या शिरांच्या रोगापुढे टिकतो म्हणून, पण त्याची बारीक शेंग तळायलाही फार चांगली. मिळाली तर सोडू नका.

आता खरं काम, कोरडं करण्याचं. भेंडीतला चिकट रस पाणी लागलं की तार धरतो. म्हणून ती देठासकट, अख्खीच धुवायची. चिरल्यावर पाण्याचा थेंबही नको. चाळणीत निथळली की सुती पंचावर पसरा आणि एकेक शेंग पुसा. देठाच्या टोपीखाली पाणी लपून राहतं, तिथे पंचा दाबून टिपा. मग पंख्याखाली दोन तास ठेवा, पावसाळी दमट हवा असेल तर आणखी जास्त. विळी किंवा सुरी, ताट, स्वतःचे हात, सगळं कोरडं हवं. चिरताना पातं चिकट झालं तर कोरड्या फडक्यानं पुसा. देठ आणि शेंडा काढून उभे चार काप करा. बी फार भरलेली असेल तर काढून टाका, तो गाभा ओलसरच राहतो. काप एकावर एक न येऊ देता ताटात पसरून पुन्हा अर्धा तास पंख्याखाली. ही पायरी बरेच जण गाळतात, आणि माझ्या मते सगळा फरक इथेच पडतो.

तोवर पीठ कालवून ठेवा, कोरडंच: पाच चमचे बेसन, दोन चमचे तांदळाचं पीठ, चमचाभर तिखट, चमचाभर धने-जिरे पूड, पाव चमचा हळद आणि तळहातावर चोळलेला थोडा ओवा. तांदळाच्या पिठानं कडकपणा येतो, त्याला पर्याय शोधू नका. मीठ यात घालायचं नाही, ते वेगळ्या वाटीत. मिठानं थोड्याच वेळात पाणी सुटतं, म्हणून मीठ आणि पीठ तेल तापल्यावरच लावायचं, तेही एका घाण्यापुरत्याच कापांना. भेंडीच्या अंगच्या चिकटपणावर पीठ आपसूक बसतं. झडतच असेल तर चमचाभर लिंबाचा रस पुरे.

ओट्यावर कढई, झारा आणि खाली ताट ठेवलेली चाळणी मांडून ठेवा. वर्तमानपत्रावर तळण काढू नका; छपाईची शाई अन्नात उतरते, अन्नसुरक्षा प्राधिकरणानं २०२३ मध्ये तसा इशाराही दिला होता. तेल दोन बोटं खोल हवं. एक काप टाकून बघा: बुडबुडे धरत लगेच वर आला की तेल तयार. थर्मामीटर असेल तर १७५ अंश सेल्सिअसच्या आसपास. एका वेळी मूठभरच सोडा. गर्दी झाली की तेल निवतं आणि भेंडी तेल पिते. मध्यम आचेवर हलवत राहा. बुडबुडे जवळजवळ थांबले म्हणजे आतलं पाणी गेलं, लगेच काढा.

आमचूर किंवा चाट मसाला हाताशी ठेवा, गरम असतानाच भुरभुरवायला. पानं घेतल्यावरच तळायला सुरुवात करा आणि वर झाकण मुळीच ठेवू नका, वाफेनं सगळं मऊ पडतं. उरलीच तर दुसऱ्या दिवशी घट्ट दह्यात मीठ-साखर घालून, वाढायच्या क्षणी त्यात मिसळा.